युरोपचा बॅटरी उद्योग: स्वतःची कंपनी हवी, की आपल्या भूमीवरचा परका कारखाना पुरे?

लंबक (धागाकर्ता)

स्वीडनच्या नॉर्थव्होल्ट कंपनीने १२ मार्च २०२५ रोजी मायदेशी दिवाळखोरी जाहीर केली, तेव्हापासून युरोपच्या बॅटरी उद्योगाविषयी बहुतेक लिखाणात दोनच सूर ऐकू येतात. पर्यावरणाच्या नियमांपायी युरोपने आपल्याच उद्योगाचा गळा घोटला, हा एक. आणि सरकारांनी हात आखडता घेतला नसता तर कंपनी वाचली असती, हा दुसरा. मला दोन्ही पटत नाहीत. युरोपीय संघाने सेल, म्हणजे बॅटरी ज्यांची बनते ते सुटे घट, बनवणारी 'आपली' म्हणवणारी कंपनी उभी करण्याचा हट्ट सोडावा, चिनी आणि कोरियन कंपन्यांना आपल्या भूमीवर कारखाने काढू द्यावेत, आणि तिजोरीतला पैसा सेलच्या आधीच्या व नंतरच्या टप्प्यांवर, म्हणजे कॅथोडचे (सेलच्या धन टोकाचे) रसायन, खनिजांचे शुद्धीकरण आणि पुनर्चक्रण यांवर लावावा, असे माझे मत आहे.

पार्श्वभूमी ठाऊक नसणाऱ्यांसाठी थोडक्यात सांगतो. ऑक्टोबर २०१७ मध्ये युरोपीय आयोगाचे तेव्हाचे उपाध्यक्ष मारोश शेफचोविच यांच्या पुढाकाराने युरोपीय बॅटरी आघाडी स्थापन झाली आणि नॉर्थव्होल्ट हे तिचे लाडके अपत्य ठरले. टेस्लातून बाहेर पडलेले पीटर कार्लसन हे संस्थापकांपैकी एक, जलविद्युत मुबलक असलेले उत्तर स्वीडनमधील शेलेफ्तेओ हे ठिकाण, फोक्सवॅगन आणि गोल्डमन सॅक्स यांच्यासारखे भागधारक, आणि कर्ज, भांडवल व सरकारी साहाय्य मिळून सुमारे १५ अब्ज डॉलरचे पाठबळ. डिसेंबर २०२१ मध्ये पहिला सेल तयार झाला. पण पहिल्या टप्प्याची क्षमता वर्षाला १६ गिगावॅट-तास (इतकी वीज साठवतील एवढे सेल) ठरलेली असताना २०२३ साली कारखान्याला १ गिगावॅट-तासाचाही पल्ला गाठता आला नाही. २०२४ मध्ये बीएमडब्ल्यूने सुमारे २ अब्ज युरोची मागणी रद्द केली आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात कंपनीने अमेरिकी न्यायालयात दिवाळखोरीपासून संरक्षण मागितले. जर्मनीतील हायडे येथील नियोजित कारखान्यासाठी केएफडब्ल्यू या सरकारी बँकेने ६० कोटी युरोचे परिवर्तनीय कर्ज दिले होते. त्याचा भार आता तिथल्या करदात्याच्या माथी आला आहे.

याच काळात चीनच्या सीएटीएल या बॅटरी-कंपनीने जर्मनीच्या थुरिंगिया राज्यात, आर्नश्टाट येथे, १४ गिगावॅट-तासांच्या योजनेचा कारखाना उभारून २०२२ च्या अखेरीस सेल काढायला सुरुवातही केली, आणि पुढे हंगेरीतील देब्रेत्सेन येथे ७ अब्जांहून अधिक युरोचा १०० गिगावॅट-तासांचा प्रकल्प हाती घेतला. युरोपातले पर्यावरणाचे नियम सीएटीएललाही लागू होतेच. तेव्हा नॉर्थव्होल्ट नियमांमुळे बुडाली म्हणणाऱ्यांनी आर्नश्टाटचे काय ते सांगावे. पैशाच्या तुटवड्याचे कारण पुढे करणाऱ्यांना तर १५ अब्ज हा आकडाच पुरेसे उत्तर आहे.

उत्तररंग

निदानाशी बऱ्याच अंशी सहमत आहे, उपायाशी मुळीच नाही. कारखाना आपल्या जमिनीवर उभा राहिला म्हणून विद्या आपल्या घरात येत नाही, आणि धागाकर्त्यांचा सगळा युक्तिवाद ती येईल या गृहीतकावर उभा आहे.

चीनचा अनुभव याच्या नेमका उलटा आहे. सीएटीएल ही २०११ मध्ये निंगडे शहरात सुरू झालेली कंपनी. तिचे मूळ एटीएल या मोबाइलच्या बॅटऱ्या बनवणाऱ्या कंपनीत असून ती एटीएल तोवर जपानच्या टीडीकेच्या मालकीची झाली होती. पुढे बीएमडब्ल्यूच्या चीनमधील संयुक्त उपक्रमासाठी बॅटऱ्या बनवताना सीएटीएलने जर्मन मोटारउद्योगाच्या गुणवत्तेच्या कसोट्या आत्मसात केल्या. आणि २०१५ ते २०१९ या काळात चिनी सरकारने अनुदानपात्र बॅटऱ्यांची यादी अशी ठेवली की एलजी आणि सॅमसंग यांचे चीनमधले कारखाने तयार असूनही त्यांच्या मालाला गिऱ्हाईक मिळेना. बाजारपेठ मिटून घ्यायची, त्या अवधीत आपल्या कंपनीला चुका करू द्यायच्या आणि ती तयार झाली की दार उघडायचे, असा तो क्रम होता. शिकाऊ चिनी कंपनीला धीराने घडवणारी बीएमडब्ल्यूच पुढे शिकाऊ स्वीडिश कंपनीची मागणी रद्द करते, याला व्यापारी शहाणपण म्हणा हवे तर, औद्योगिक धोरण म्हणता येणार नाही.

आता विद्या येण्याविषयी. स्पेनमध्ये सारागोसाजवळ स्टेलांटिस ही मोटार-कंपनी आणि सीएटीएल यांचा निम्म्या-निम्म्या भागीदारीतला ४.१ अब्ज युरोपर्यंतचा प्रकल्प डिसेंबर २०२४ मध्ये जाहीर झाला. तेथे एलएफपी, म्हणजे लिथियम-लोह-फॉस्फेट पद्धतीचे सेल बनणार आहेत. उभारणीसाठी सुमारे २,००० माणसे चीनमधून आणण्याची योजना आहे. जुलै २०२५ मध्ये चीनने एलएफपीचे कॅथोड बनवण्याच्या तंत्रज्ञानावर आणि लिथियमच्या शुद्धीकरणाच्या काही पद्धतींवर निर्यात-निर्बंध घातले. त्याआधी डिसेंबर २०२३ पासून ग्रॅफाइटच्या निर्यातीसाठी परवाना सक्तीचा झालाच होता, आणि बॅटरीत वापरायच्या ग्रॅफाइटवरील जगातली नऊदशांशांहून अधिक प्रक्रिया चीनमध्ये होते. म्हणजे इमारत स्पेनची, यंत्रे चीनची, कच्चा माल चीनचा आणि कृतीवर बीजिंगचे कुलूप. याला 'युरोपीय उद्योग' म्हणणे म्हणजे घरमालकाने भाडेकरूच्या दुकानातली विक्री आपल्या खात्यात मोजणे होय.

फटकळ

विद्युतघट इटलीच्या व्होल्टांचा, सन १८००. शिसे-आम्लाची बॅटरी फ्रान्सच्या गास्तों प्लांते यांची, १८५९. निकेल-कॅडमियमची बॅटरी तर स्वीडनच्याच वाल्डेमार युंगनर यांची, १८९९. शोध आपला आणि माल दुसऱ्याचा, ही युरोपची तक्रार नवी नाही. त्यामुळे 'विद्या' या शब्दापाशी थोडे थांबावे, असे दोन्ही पक्षांना सुचवतो. कोणती विद्या? प्रयोगशाळेतली विद्या युरोपात भरपूर आहे.

तिसरी पाळी

वरील प्रश्नाला उत्तर देण्याचा प्रयत्न करतो. मी दक्षिण जर्मनीत लेपनयंत्रे बनवणाऱ्या एका कंपनीत काम करतो, त्यामुळे माझे मत एका बाजूला झुकलेले असू शकते.

सेल बनवताना सक्रिय पदार्थाची पूड, बंधक आणि द्रावक यांची खळ करून ती धातूच्या पातळ पत्र्यावर लेपली जाते. ॲनोडसाठी (ऋण टोकासाठी) तांब्याचा पत्रा असतो आणि कॅथोडसाठी ॲल्युमिनियमचा. पत्र्याच्या दोन्ही बाजूंचे थर काही मायक्रॉनच्या आत सारखे यावे लागतात, आणि तेही मिनिटाला कित्येक मीटर वेगाने धावणाऱ्या, शेकडो मीटर लांबीच्या गुंडाळीवर. मग ती वाळवायची, रुळांखाली दाबायची, कापायची, गुंडाळायची किंवा थरावर थर रचायचे आणि जवळजवळ आर्द्रताशून्य खोलीत इलेक्ट्रोलाइट भरायचे. त्यानंतर पहिल्यांदा मंद गतीने चार्ज करून सेल ठेवून द्यायचा, आणि तो काही दिवस बसून राहिला की मगच कळते की लेपनात कोठे गडबड झाली होती. तोवर लाईनवरून त्याच चुकीचा हजारो सेलांचा माल पुढे गेलेला असतो. सेलच्या किमतीत निम्म्याहून जास्त वाटा कच्च्या मालाचा असल्यामुळे रिजेक्शन दहा टक्क्यांवर गेले तरी नफा संपतो, आणि नव्या कारखान्यात सुरुवातीला ते याहून कितीतरी जास्त असते.

श्री. फटकळ यांनी विचारलेली विद्या ती हीच. ती कागदावर लिहिता येत नाही. खळीचा दाटपणा सकाळच्या आणि रात्रीच्या पाळीत का बदलतो हे ओळखणारी माणसे लागतात, आणि ती तयार व्हायला वर्षे जातात. पोलंडमध्ये व्रोत्सवाफजवळ एलजीने कारखाना सुरू केला तेव्हा त्या अनुभवी कोरियन कंपनीलाही पहिली काही वर्षे यील्ड (चांगल्या निघालेल्या सेलांचे प्रमाण) जमवताना घाम फुटला होता. तिच्याकडून पुरेशा बॅटऱ्या न आल्यामुळे २०२० च्या फेब्रुवारीत जग्वारला आय-पेस या विजेच्या मोटारीचे उत्पादन काही दिवस थांबवावे लागले होते. एलजी तगली, कारण कोरियातले चालू कारखाने तिचा तोटा सोसत होते. नॉर्थव्होल्टने पहिली लाईन बसायच्या आतच जर्मनी, कॅनडा, पुनर्चक्रण, सोडियम-आयन अशी चहूकडे पाळेमुळे पसरली. पैसा कमी पडला नाही, तो पातळ झाला.

त्यामुळे दोन्ही बाजूंशी मी अर्धा असहमत आहे. स्वतःची कंपनी हवी असेल तर ती एका ठिकाणी, एका प्रकारच्या सेलवर, पाच-सात वर्षे तोट्यात चालवायची तयारी हवी. फ्रान्समधील बिली-बेर्क्लो येथे स्टेलांटिस, मर्सिडीज आणि टोटालएनर्जीज यांच्या एसीसीने मे २०२३ मध्ये कारखाना उघडला आणि २०२४ मध्ये कायझर्सलाउटर्न व तेर्मोली येथली कामे थांबवली. वर्तमानपत्रांनी त्याला माघार म्हटले. मला ते शहाणपण वाटते.

अवांतर: इंग्लंडमध्ये सॉमरसेट परगण्यात टाटा समूहाची अग्रतास ही कंपनी ४० गिगावॅट-तासांचा कारखाना उभारत आहे आणि तिचे मोठे गिऱ्हाईक जग्वार लँड रोव्हरच असणार आहे. आय-पेसच्या वेळचा धडा मुंबईतल्या मुख्यालयात कोणीतरी लक्षात ठेवलेला दिसतो.

लंबक

तिसरी पाळी यांचा प्रतिसाद उत्तम आहे, आणि माझ्या मते तो माझ्याच बाजूचा आहे. असे हात जर चालू लाईनवरच तयार होत असतील, तर ती लाईन कोणाच्या मालकीची आहे यापेक्षा ती चालू आहे हे महत्त्वाचे. आर्नश्टाटमध्ये आज जो जर्मन तंत्रज्ञ लेपनयंत्राची सेटिंग करतो, तो उद्या दुसरीकडे नोकरी धरू शकतो. बंद पडलेल्या कारखान्यातून असे कोणी तयार होत नाही.

उत्तररंग यांनी चीनच्या बंद बाजारपेठेचा दाखला दिला आहे, पण तो काळ परत आणता येत नाही. युरोपात सेल बनवण्याचा खर्च चीनपेक्षा सुमारे निम्म्याने जास्त येतो. बाजार मिटला तर तो फरक मोटार घेणाऱ्याच्या खिशातून जाईल, आणि युरोपातील मोटार-कंपन्या आधीच नव्या पेट्रोल-डिझेल मोटारींची विक्री थांबवण्याची २०३५ ची मुदत सैल करून घेण्याच्या खटपटीत आहेत. डिसेंबर २०२५ मध्ये आयोगाने त्या दिशेने प्रस्ताव मांडलाही. मोटारी महागल्या आणि मागणी घटली, तर मिटलेल्या बाजारात विकणार काय?

नदीकाठ

इतका वेळ चर्चा पैशाची आणि कौशल्याची चालली आहे, पण हा सगळा खटाटोप ज्या शाश्वततेच्या नावाने चालतो ती कोणाच्या परसातून येते हा प्रश्न कोणीच काढला नाही. धागाकर्ते 'आपल्या भूमीवर' म्हणतात ती भूमी बव्हंशी हंगेरी आणि पोलंडची आहे. देब्रेत्सेनच्या लोकांनी २०२३ च्या सुरुवातीला जनसुनावणीत जो गोंधळ केला तो चीनद्वेषातून नव्हता. हंगेरीच्या पठारी भागात पाण्याची ओढ आहे आणि कारखान्याला पाणी लागते. लेपनात वापरल्या जाणाऱ्या एनएमपी या द्रावकाचे युरोपीय संघानेच प्रजननास घातक असे वर्गीकरण केले आहे. पोलंडची निम्म्याहून अधिक वीज अजून कोळशावर तयार होते, तर जलविद्युतेवर चालणारा शेलेफ्तेओचा कारखाना मात्र दिवाळखोरीत निघाला.

खनिजांचेही तेच. युरोपीय संघाच्या २०२४ च्या कायद्यानुसार २०३० पर्यंत लागणाऱ्या महत्त्वाच्या खनिजांपैकी १० टक्के युरोपातच काढायची आहेत. लिथियमसाठी मात्र सर्वांची नजर गेली संघाबाहेरच्या सर्बियातील यादर खोऱ्याकडे. तिथल्या शेतकऱ्यांनी वर्षानुवर्षे रस्त्यावर उतरून रिओ टिंटो या खाण-कंपनीला अडवले आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये कंपनीने तो प्रकल्प बाजूला ठेवला. पोर्तुगालच्या बारोझू भागातल्या पारंपरिक शेतीपद्धतीला संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने २०१८ मध्ये जागतिक महत्त्वाचा वारसा म्हणून मान्यता दिली, आणि तिथेच आता लिथियमची खाण प्रस्तावित आहे.

कंपनी युरोपीय असो वा चिनी, देब्रेत्सेनच्या विहिरीला त्याने फरक पडत नाही. फरक पडतो तो नियमांनी, आणि तेच पुढे ढकलले जात आहेत. खनिजे कोठून व कशी आली याची खातरजमा करण्याचे बंधन ऑगस्ट २०२५ पासून लागू व्हायचे होते, ते २०२७ वर गेले. मोटारींच्या बॅटऱ्यांचा कार्बन-हिशेब फेब्रुवारी २०२५ पासून जाहीर व्हायचा होता, तोही रखडला.

उत्तररंग

नदीकाठ यांच्या मुद्द्याला एक जोड देतो, कारण धागाकर्त्यांनी पुनर्चक्रणावर पैसा लावायला सांगितले आहे. युरोपीय संघाच्या बॅटरी-नियमावलीनुसार १८ ऑगस्ट २०३१ पासून नव्या मोटार-बॅटरीतला किमान १६ टक्के कोबाल्ट, ६ टक्के निकेल आणि ६ टक्के लिथियम पुनर्चक्रित असावे लागेल. हे आकडे ठरवताना डोळ्यांसमोर निकेल-मँगनीज-कोबाल्टचे सेल होते. सारागोसात बनणाऱ्या एलएफपी सेलमध्ये निकेलही नसते आणि कोबाल्टही नसतो. म्हणजे जुनी बॅटरी फोडून हाती येणाऱ्या काळ्या भुकटीत विकण्याजोगे जवळजवळ लिथियमच उरते, आणि ते काढण्याचा खर्च बाजारभावाशी सहसा जुळत नाही. शिवाय पुनर्चक्रण करणाऱ्यांना आज मिळणारा बराचसा माल जुन्या मोटारींतून येत नाही, तो सेल-कारखान्यांच्या रिजेक्शनमधून येतो. कारखाने चीनचे, तर ते भंगार कोणाला द्यायचे हेही चीनच ठरवणार. मार्च २०२५ मध्ये आयोगाने काळ्या भुकटीला घातक कचऱ्याच्या यादीत घालून ती ओईसीडी या श्रीमंत देशांच्या संघटनेबाहेरच्या देशांत जाणार नाही अशी तजवीज केली, हे चांगलेच झाले. पण त्या भुकटीपासून पुन्हा कॅथोड बनवणारे कारखाने युरोपात हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच आहेत.

लंबक

म्हणूनच तर पैसा तिथे लावा म्हणतो. ६० कोटी युरो हायडेच्या मोकळ्या माळावर घालण्याऐवजी कॅथोडच्या कारखान्यात घातले असते, तर आज सारागोसाच्या करारात घालायला एक अट तरी हाती असती: सेल तुमचा, कॅथोड आमचा.

तिसरी पाळी

ती अट घालायला २०२२ हे वर्ष बरे होते, जेव्हा देब्रेत्सेनचा करार व्हायचा होता आणि सीएटीएलला युरोपात शिरायची घाई होती. आता एलएफपी कॅथोडची कृती चीनच्या निर्यात-परवान्याखाली आहे, त्यामुळे ती अट सीएटीएलने मान्य केली तरी बीजिंगचा होकार लागेल. तरीही एक गोष्ट मागता येईल आणि ती मागावीच: लेपन आणि पहिले चार्जिंग या दोन विभागांतल्या पाळीप्रमुखांपैकी किती जण तिसऱ्या वर्षापर्यंत स्थानिक असतील, त्याचा आकडा करारात लिहून घ्यावा आणि अनुदानाचा पुढचा हप्ता त्या आकड्याला बांधावा.

नदीकाठ

आणि दुसरा हप्ता पाण्याच्या मीटरला.