गिरणगावावर २५ मिनिटांचा माहितीपट: मधला काळ दाखवायचा कसा?

नवा_संकलक
लालबाग-परळच्या बदलावर वाहिनीसाठी माहितीपट करतोय. पहिल्या एडिटमध्ये चिमणी, टॉवर, पुन्हा चिमणी एवढंच दिसतंय. १९८२चा गिरणी कामगारांचा संप आणि आजचे मॉल यांच्यामधला काळ कसा आणावा? शिवाय चाळीतल्या ट्यूबलाइटखालच्या शॉटमध्ये काळे पट्टे सरकतात.

करीरोड_कट्टा
चिमणी-टॉवर दोन शॉटांत उरका, ते आता फार गुळगुळीत झालंय. खरी गोष्ट जमिनीच्या नियमात आहे. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीतला नियम ५८: गिरणीच्या जमिनीचा पुनर्विकास करताना ढोबळमानाने एक तृतीयांश मोकळ्या जागांसाठी पालिकेला, तेवढीच घरांसाठी म्हाडाला, उरलेली मालकाला. २००१च्या दुरुस्तीने वाटणी फक्त आधीपासून रिकाम्या जमिनीपुरती राहिली. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती कायम ठेवली.

हे निवेदनात सांगून डोक्यात शिरत नाही, ग्राफिकच हवं. समजा गिरणी १५ एकरांची, १२ एकरांवर शेड. आधी पाच-पाच-पाच, नंतर वाटायला उरले तीनच एकर. शेड एकेक करून पुसत न्या आणि नकाशा २० सेकंद तरी पडद्यावर ठेवा.

पन्नास_हर्ट्झ
आपली वीज ५० हर्ट्झची, ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. कॅमेरा सेकंदाला ३० फ्रेम, १/६० सेकंद शटरवर असेल तर पट्टे येणारच. २५ फ्रेम, १/५० ठेवा. डिमर लावलेल्या एलईडीला हा उपाय लागू पडेलच असं नाही. तिथे डिमर पूर्ण वर करा. झालेले शॉट डीफ्लिकरने (लुकलुक कमी करणाऱ्या सॉफ्टवेअरने) थोडेफारच सुधारतात, जमलं तर पुन्हा काढा.

साच्यांचा, म्हणजे गिरणीतल्या मागांचा, आवाज हवा असेल तर भिवंडीत शटलचे यंत्रमाग मिळतील. ऑटो गेन (आवाजाची पातळी आपोआप कमी-जास्त करणारी सोय) बंद करा, आवाजाची कमाल पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. मुलाखत मात्र शेडबाहेर. आणि तो आवाज परळचा म्हणून खपवू नका, साचेखात्यात काम केलेला माणूस लगेच ओळखेल.

दोन_वेळचं_ताट
संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार होते, पण कॅमेरा फक्त त्यांच्यावर नको. कोकणातून, घाटावरून एकटे आलेले कामगार खानावळीत महिन्याच्या उधारीवर जेवायचे. पगार थांबला तशी ती उधारी बुडाली आणि खानावळवाल्या बायकांचं घरही अडलं. प्रेमाताई पुरव यांच्या अन्नपूर्णा महिला मंडळाची, म्हणजे अशाच खानावळवाल्या बायकांच्या संघटनेची, सुरुवात १९७५ची, म्हणजे हे अर्थकारण संपाआधीपासूनचं आहे.

मुलाखतीत "तेव्हा कसं वाटलं?" विचारलंत तर ठरावीक उत्तर येईल. ताटं किती, दर काय, पैसे कुठल्या तारखेला मिळायचे, ते विचारा. उधारीची वही दाखवलीत तर नावं झाका.