बिस्कोत्ती कापताना पार भुगा होतोय, मदत हवी आहे

दोन रविवार वाया गेलेत, म्हणून शेवटी इथे विचारतेय.

बदाम-अक्रोड-चॉकलेटची बिस्कोत्ती (उंडा भाजून, कापून पुन्हा भाजतात ती इटालियन बिस्किटं) करतेय. प्रमाण असं: मैदा २५० ग्रॅम, साखर १५०, दोन अंडी, लोणी ५०, बेकिंग पावडर पाऊण चमचा, अख्खे बदाम १००, अक्रोड ५० आणि डार्क कंपाउंड चॉकलेटच्या स्लॅबचे ओबडधोबड तुकडे १००. पीठ चिकट होतं, म्हणून ओल्या हाताने दोन उंडे वळते, अळुवडीचे असतात साधारण तेवढे. ओटीजीत (छोट्या ओव्हनमध्ये) १८० अंशांना २५ मिनिटं. वरून सोनेरी, बारीक तडे गेलेले. इथपर्यंत झकास.

घोळ पुढेच. पहिल्या वेळी बाहेर काढल्या काढल्या कापायला घेतले. चॉकलेट सुरीला लडबडलं, तेच पुढच्या कापाला फासलं गेलं, आणि बदामाशी सुरी अडली की काप मधोमध फुटायचा. वीसेक कापांतले सात धड निघाले. दुसऱ्या वेळी शहाणपणा करून रात्रभर गार होऊ दिले. सकाळी बघते तर वीट! बदाम कापला न जाता उखडून येतो, मागे खड्डा.

वाचलेले काप १६० ला दोन्ही बाजूंनी दहा-दहा मिनिटं भाजले. कडा खुटखुटीत, मध्ये वातड. त्यात डोंबिवलीचा पाऊस, दोन दिवसांत सादळले. सासूबाई म्हणाल्या, "एवढा खटाटोप करून शेवटी टोस्टच ना?"

पुढच्या शनिवारी भाऊ येतोय, त्याला डबा भरून द्यायचाय. नक्की कधी कापायचं? आणि चॉकलेटचं काय करू?

प्रतिसाद १
कोथिंबीरवडीचा उंडा गरम कापला की मोडतो, तसंच आहे हे. फरक एवढाच की हा पूर्ण गारही होऊ द्यायचा नाही. पंधरा-वीस मिनिटं थांबा, हाताला कोमट लागला की घ्या. पाव कापायची दातेरी सुरी हवी. वरचा पापुद्रा करवतीसारखा हलक्या हाताने कापा आणि बदाम लागला की एका दमात खाली दाबा. कवच फारच कडक वाटलं तर पाण्याचा हलका फवारा मारून पाच मिनिटं थांबायचं. काप बोटभर जाड ठेवा.

प्रतिसाद २
सासूबाईंचं बरोबर आहे हो, नावाचा अर्थच मुळी 'दोनदा भाजलेलं'. मी काही वर्षं फ्लॉरेन्समध्ये होते. तिथे बिस्कोत्ती म्हटलं की कुठलंही बिस्कीट. तुम्ही करताय त्याला म्हणायचं कांतुच्ची, फ्लॉरेन्सजवळच्या प्रातो शहराची खासियत. मूळ कृतीत ना लोणी ना चॉकलेट, आणि बदाम सालासकट. ती चांगलीच टणक असते, कारण व्हिन सांतो नावाच्या गोड वाइनमध्ये बुडवूनच खातात. तेव्हा थोडी कडक झाली तर घाबरू नका, आपल्याकडे चहा आहेच.

वातडपणासाठी दुसरं भाजणं १५० वर आणा आणि वेळ वाढवा, एकेका बाजूला पंधरा मिनिटं. ट्रेऐवजी जाळीवर ठेवा. मग ओटीजी बंद करून दार किंचित उघडं ठेवून आतच गार होऊ द्या. कोमट असताना डब्यात भरलेत तर सादळणारच.

प्रतिसाद ३
स्लॅबचे तुकडे नकोत, बेकिंगचे चिप्स घ्या, ते आकार धरून राहतात. नाहीतर पिठात चॉकलेट घालूच नका. शेवटी वितळवून एक टोक बुडवा. दिसायलाही छान.

अवांतर: बिनअंड्याची कोणी केलीये का?

धागाकर्ती
सगळ्यांचे आभार! बिनअंड्याचं मलाही माहीत नाही, कोणी केली असेल तर लिहा.

आज अठरा मिनिटं थांबून कापले. चिप्स घातले होते. बावीसपैकी एकोणीस धड! सुरी दर दोन कापांनंतर ओल्या फडक्याने पुसली, त्याचाही फरक पडला. जाळीवर भाजून मधला वातडपणाही गेला. एक उंडा मात्र पसरून भाकरीसारखा चपटा झाला. लोणी फार पातळ झालं होतं बहुतेक. शनिवारच्या आत अजून एक घाणा काढणारच आहे, त्यात लोणी निम्मं करून बघते.