अख्खं रान, अख्खी बरगडी: घरच्या खास जेवणाचे अनुभव

पऱ्हाटी
पोळ्याची कर १५ दिवसांवर आली. आमच्या आर्वीकडे त्या दिवशी मटण हवंच, पण दरवर्षी तोच रस्सा होतो. यंदा धाकटे दीर सात वर्षांनी कुटुंबासह येताहेत, म्हणून तुकडे न करता अख्खं रान (मागची अख्खी मांडी) भाजून ताटात मांडायचं मनात आहे. घरात ओव्हन नाही. चूल, गॅस, गवऱ्या आणि जाड बुडाचं एक जर्मनचं पातेलं, एवढंच. ज्यांनी घरी असं काही केलंय त्यांनी जमलेलं आणि फसलेलं, दोन्ही लिहा. कोणता भाग घेतला, आच कशी होती, वेळ किती लागला, हे नक्की सांगा.

मोहफूल
मी नऊ वर्षं दुबईत हॉटेलच्या किचनमध्ये होतो, आता दिग्रसजवळ शेती बघतो. तिथे नाताळच्या रात्री बीफचा रिब रोस्ट असायचा. सहाव्या ते बाराव्या बरगडीपर्यंतचा, कण्यालगतचा तुकडा. जनावराच्या त्या भागाला फारसे कष्ट नसतात, म्हणून मांस मुळातच मऊ. आदल्या दिवशी मीठ चोळून फ्रीजमध्ये उघडाच ठेवायचा. मग ११०-१२० अंशांवर काही तास, आणि मधोमध खुपसलेल्या थर्मामीटरने ५० दाखवले की बाहेर. बाहेर काढल्यावरही आतली उष्णता तीन-चार अंश चढते. अर्धा तास हात लावायचा नाही. वाढण्याआधी कडक आचेवर आठ-दहा मिनिटं, वरून लालबुंद होईपर्यंत. काप काढले की मधे गुलाबी.

आपल्याकडे २०१५ पासून गाईबरोबर बैल आणि वळूच्या कत्तलीवरही बंदी आहे. म्हणून गावी आल्यावर बहिणीच्या साखरपुड्याला बोकडाचं रान घेतलं आणि तीच रीत चालवली. ५५ अंशांवर उतरवलं. दिसायला सुंदर, पण पाहुण्यांना तोडता येईना. मोठ्या माणसांनी ताटं तशीच बाजूला सरकवली. आईचा तेव्हाचा चेहरा मला अजून दिसतो.

कारण नंतर नीट उमगलं. बोकड दिवसभर धुरे, नाले चढून चरतो. त्याच्या मांडीतले पापुद्रे विरघळून चिकट रस व्हायचा तर मांस ७० अंशांच्या वर जाऊन तिथे बराच वेळ राहावं लागतं. आता मी ते झाकून, मंद आचेवर ८५-९० पर्यंत नेतो. रिब रोस्टमधल्या दोनच गोष्टी उचला: आदल्या रात्रीचं मीठ (किलोला दोन लहान चमचे) आणि उतरवल्यावरचा अर्धा तास.

चुलीपुढची
त्या अर्ध्या तासाचं अगदी खरं आहे. माझ्या सासूबाई थर्मामीटरशिवायच तो पाळायच्या.

त्यांची रीत लिहिते. रानाला हाडापर्यंत चिरे द्यायचे. त्यात भाजलेला कांदा, खोबरं, खसखस, धने, दगडफूल आणि लाल मिरचीचं पाट्यावरचं वाटण भरायचं, वरून जवसाचं तेल. पातेल्याच्या तळाशी कांद्याच्या जाड चकत्या, म्हणजे रान बुडाला लागत नाही. झाकणाच्या कडेला कणकेची वळी लावायची. खाली गवऱ्यांचा आर (निखारे), झाकणावरही आर. पऱ्हाटी, म्हणजे कपाशीच्या वाळक्या काड्या, वापरू नका (तुमच्या नावाची माफी मागून), ती भडकते आणि विझते. बाभळीचा इंगळ धरून राहतो.

पहिल्या वर्षी तासाभरातच मी झाकण उघडायला गेले. त्या म्हणाल्या, "काहून उघडतं वं माय? त्याले त्याच्या वाफेतच राहू दे." दोन किलोच्या रानाला साडेतीन तास लागतात. वासावर लक्ष ठेवा. आधी कच्च्या मसाल्याचा येतो, मग तेलाचा, शेवटी हाडाचा. हाडाचा वास सुटला की आर बाजूला करा. त्या गेल्या त्या वर्षी मी पहिल्यांदा एकटीने केलं, आणि तो शेवटचा वास आला तेव्हा चुलीपुढून उठवलं नाही.

सातपुडा पायथा
कच्च्या पपईबद्दल एक इशारा. मी तिचं वाटण रात्रभर लावून ठेवलं होतं. वरचं बोटभर मांस पिठासारखं झालं, आत चिवट ते चिवटच. पपई आतपर्यंत पोचत नाही. किलोला एक चमचा, दोन तास, बस. हलवानाच्या (कोवळ्या बोकडाच्या) चापांना तर तिची गरजच नाही.

तुरीचं शेत
आमच्याकडे हल्याचं (रेड्याचं) मटण खातात. कायद्यात त्याला मनाई नाही. घरात आनंदाचं काही झालं, कुणाला नोकरी लागली, की आजी बरगड्यांचा अख्खा पट्टा आणवायची. ते मांस गडद असतं, चरबी पांढरी आणि थोडी, त्यामुळे लवकर कोरडं पडतं. ती मीठ-हळद-लसूण चोळून पातेल्यात वाटीभर पाणी घालायची आणि दुपारभर मंद आचेवर ठेवायची. मांस मागे सरकून हाडाचं टोक बोटभर उघडं पडलं की झालं समजायचं. मग पट्टा थेट इंगळावर, दोन्ही बाजूंनी, चरबी तडतडेपर्यंत.

हे इथे मुद्दाम लिहितोय. आमच्या घरात हे सणाचं जेवण होतं, पण शाळेत कुणी "काल काय केलं होतं?" विचारलं की आम्ही आलू सांगायचो.

पऱ्हाटी
कर झाली. तुरीचं शेत, तुमचं लिहिणं मी घरात सगळ्यांना वाचून दाखवलं.

रान पावणेदोन किलोचं होतं. आदल्या रात्री मीठ, सकाळी वाटण, कणकेची वळी, बाभळीचा इंगळ. सव्वातीन तास लागले. मधे पावसाची सर आली आणि झाकणावरचा आर विझला, तेव्हा शेजारच्या काकूंनी त्यांच्या चुलीतला आणून दिला. उतरवून अर्धा तास तसंच ठेवलं. दिरांनी सुरी मागितली होती, पण लागली नाही, मांस हातानेच सुटलं. तळातला कांदा आणि रस सकाळी शिळ्या भाकरीबरोबर संपला.