थपडेने करिअर झालं नाही

ए-204: काल रात्री जुन्या रामायणाचा भाग लावला होता. मंथरा दिसली आणि आमची नात आजोबांच्या मागे जाऊन बसली. आता विचारतेय, ही बाई खरंच अशी आहे का? 😄

सी-102: ललिता पवार त्या, काकू. शूटिंगमध्ये जोरात थोबाडीत बसली, डोळा कायमचा बारीक झाला आणि त्या एका थपडेने खाष्ट सासूचं करिअर झालं. नशीब!

बी-301: दादा, राग मानू नका, पण हे ऐकलं की मला राहवत नाही. थपडेने करिअर झालं नाही, चालू असलेलं मोडलं.

मूळच्या येवल्याच्या. मूकपटांच्या काळात लहान वयातच कामाला लागल्या. 1942 च्या आधी त्या नायिका होत्या, आणि नुसत्या नायिका नाहीत, 1938 चा 'दुनिया क्या है' त्यांनी स्वतः काढलेला. टॉलस्टॉयच्या कादंबरीवरचा! त्या काळात एका बाईने निर्माती व्हायचं म्हणजे काय, विचार करा. मग भगवानदादांबरोबरच्या प्रसंगात ती थप्पड बसली. चेहऱ्याला लकवा, डाव्या डोळ्याला इजा, उपचार लांबले. नायिकेची कामं गेली ती गेलीच. दुसरी कोणी घरी बसली असती. या 1944 च्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई होऊन उभ्या राहिल्या. 'ध' चा 'मा' करणारी आनंदीबाई!

ए-503: +1 ताई. माझ्या आईला त्यांचा इतका राग यायचा की टीव्हीशी भांडायची.

सी-102: पण ताई, डोळ्यामुळेच तशा भूमिका मिळाल्या हे तरी खरं ना?

बी-301: मिळाल्या असतील. पण डोळा सगळीकडे तोच होता ना? मग 'श्री 420' मधली केळेवाली बघा. भावावरून राजशी हुज्जत घालते आणि पुढे त्याचीच गंगामाई होते. 'जंगली'त घरात हसायला बंदी घालणारी आई. आणि 'प्रोफेसर'! शम्मी कपूर म्हाताऱ्याचं सोंग घेऊन येतो आणि ही करडी बाई त्याच्या प्रेमात पडते. नटायला लागते, लाजते. तिथे आपण हसतो, पण तिची कीवही येते, कारण त्या ते लाजणं मनापासून करतात. जरा जास्त केलं असतं तर त्या बाईची टिंगल झाली असती.

आणि 'अनाडी'तली मिसेस डिसा. तोंडाने सारखी करवादणार, पण राजवर माया पोटच्या पोरासारखी. आवाज चढलेला असतो तेव्हाही कळतं की हिला काळजी वाटतेय. शेवटी भेसळीच्या औषधाने जाते ती. फिल्मफेअर मिळालं त्या कामाला. 'अनाडी'चे दिग्दर्शक हृषिकेश मुखर्जी, म्हणजे हृषिदा, यांनी 'आनंद'मध्येही त्यांना मेट्रन केलं, आणि नाव पुन्हा डिसाच! मला वाटतं त्यांना ती बाई सोडवली नसावी.

ए-503: अरे हो की! हे कधी लक्षातच आलं नव्हतं.

डी-401: 1961 ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला होता. शेवटची वर्षं पुण्यात, औंधला होत्या. 1998 ला गेल्या.

सी-102: ताई, 'अनाडी' मी पाहिलेलाच नाही. मंथरा आणि सासू एवढंच डोक्यात होतं. आता बघतो.

बी-301: नक्की बघा दादा. गाण्यांसाठी सगळे बघतात, तुम्ही या वेळी फक्त मिसेस डिसाकडे लक्ष ठेवा. ती बोलत नसते तेव्हा तर जास्तच.

ए-204: मग नातीला काय दाखवू?

बी-301: 'प्रोफेसर' दाखवा काकू. मंथरा लाजताना बघितली की भीती जाईल. 🙂

सचिव: शनिवारी हॉल रिकामा आहे, प्रोजेक्टरही आहे. संध्याकाळी 6 ला 'अनाडी' लावू का? येणाऱ्यांनी 👍 करा.

ए-503: 👍

सी-102: 👍 आम्ही चौघे.

ए-204: आम्हीही येतो, पण 7 ला करा ना. नातीचा क्लास 6.30 ला सुटतो.

सचिव: चालेल काकू, 7.