सिमेंटच्या पत्र्यांचं छप्पर: उतरवायचं की राहू द्यायचं?

रामबागकर
इंदूरच्या आमच्या मंडळाच्या हॉलवर सिमेंटचे पत्रे आहेत, 1980 च्या सुमाराचे. परवा कूलरचा पाइप बाहेर काढायला मिस्त्रीने पत्र्याला ग्राइंडर लावला. पाचच मिनिटं. खालच्या सतरंजीवर पीठ चाळल्यासारखा राखाडी थर बसला आणि पोऱ्याने ती सतरंजी अंगणात नेऊन झटकली. चार पावलांवर बालवर्गाची मुलं खेळत होती. मी ओरडलो तर मिस्त्री म्हणाला, "काका, सिमेंटच तर आहे."

नुसतं सिमेंट नाही. अशा पत्र्यात साधारण आठ ते दहा टक्के ॲस्बेस्टॉस असतो, म्हणजे खनिजाचा बारीक धागा. त्याची धूळ श्वासातून फुप्फुसात गेली की आजार होतो. आता समिती म्हणते, पावसाळ्याआधी सगळंच छप्पर उतरवू. ठेकेदाराचा बेत असा: वरून हातोड्याने फोडायचं, खाली पाडायचं, ट्रॉलीत मलब्याबरोबर भरायचं, एका दिवसात मोकळं.

माझं मत आहे की धड पत्रा आहे तिथेच राहू द्यावा. रंग द्यावा, कुणी कापणार-भोसकणार नाही असं दारावर लिहावं. तडकलेले सात-आठ पत्रे तेवढे उतरवावेत, तेही अखंड. धोका पत्र्याच्या असण्यापेक्षा त्याच्या फुटण्यात जास्त आहे. तुम्हाला काय वाटतं?

शेडवाला_सांवेररोड
काका, उगाच भीती पसरते आहे. माझ्या शेडवर 30 वर्षं हेच पत्रे आहेत. मी ठणठणीत, माझे कामगारही ठणठणीत. धागा सिमेंटमध्ये घट्ट बसलेला असतो, तो काही आपोआप उडत नाही. सरकारने हे पत्रे विकायला बंदीही घातलेली नाही. मे महिन्यात लोखंडी पत्र्याखाली उभं राहून बघा, मग कळेल लोक हेच का घालतात.

गिरणीवाल्याची_लेक
दादा, "30 वर्षं काही झालं नाही" याला इथे अर्थ नाही. ॲस्बेस्टॉसच्या धुळीचा आजार वीस ते चाळीस वर्षांनी डोकं वर काढतो.

माझे बाबा इथल्याच एका गिरणीत बॉयलरवर होते. वाफेच्या पाइपांवरचं जुनं लॅगिंग, म्हणजे उष्णता धरून ठेवणारं ॲस्बेस्टॉसचं आवरण, हाताने खरवडून काढायचं आणि नवं थापायचं, हे त्यांचं काम. तोंडाला फार तर रुमाल. घरी आले की ओसरीवर सदरा झटकायचे, मग आई तो धुवायची. 1987 मध्ये काम सुटलं. 2004 मध्ये जिना चढताना दम लागायला लागला. दोन वर्षं टीबीची औषधं चालली. मग एका डॉक्टरांनी छातीचा फोटो बघून पहिला प्रश्न विचारला, "काम काय करत होतात?" तोवर तो कुणीच विचारला नव्हता.

सुप्रीम कोर्टाने 1995 मध्ये सांगितलं आहे की ॲस्बेस्टॉसच्या कामगाराच्या तब्येतीची नोंद नोकरी लागल्यापासून 40 वर्षं किंवा निवृत्तीनंतर 15 वर्षं, यातलं जे उशिरा येईल तोपर्यंत ठेवा. बाबांचा एक कागद मिळाला नाही. तुमच्या शेडमधल्या पोरांची नोंद तुम्ही ठेवता का? टोमणा मारत नाहीये, खरंच विचारते आहे.

रामबागकर काका, सतरंजी झटकल्याचं वाचलं आणि मला बाबांचा सदराच दिसला.

नारायणबाग_७
काकांशी मी सहमत नाही. राहू द्या म्हणजे पुढच्यांच्या डोक्यावर ठेवा. चाळीस पावसाळे आणि गारा खाल्लेल्या पत्र्यावरचं सिमेंट झिजतं, धागे उघडे पडतात. पन्हळीखालच्या गाळात हात घालून बघा, नाही, घालूच नका. ब्रिटनने 1999 मध्ये बंदी घातली, युरोपीय संघाने 2005 मध्ये. आपल्याकडे मात्र ॲस्बेस्टॉस बाहेरून आणून पत्रे बनवायला अजून मोकळीक. शाळेजवळ तर एकही पत्रा नको. पैसे लागले तर वर्गणी काढू, पहिली माझी.

साइट_इंजिनिअर
उतरवायचं असेल तर पद्धत महत्त्वाची. ठेकेदाराचा हातोडा ही सगळ्यात वाईट पद्धत.

आदल्या दिवशीपासून मुलांना तिकडे फिरकू देऊ नका. पत्रा पाण्याने भिजवा, पाण्यात थोडा भांड्यांचा साबण टाका म्हणजे ते आत मुरतं. पत्रा अडकवणारा जे-हुक गंजला असेल तर ग्राइंडरने कापू नका, हातकटरने तोडा. पत्रा दोघांनी धरून दोरीने खाली सोडा. तीन मीटरचा पत्रा चाळीसेक किलोचा असतो. पत्रा आणि तुटलेले तुकडे जाड प्लास्टिकमध्ये दुहेरी गुंडाळून चिकटपट्टी लावा. झाडू नाही, घरचा व्हॅक्यूम नाही, ओल्या फडक्याने पुसा आणि फडकंही त्याच पिशवीत. कापडी मास्क निरुपयोगी आहे, अगदी बारीक धूळ अडवणाऱ्या पी-3 फिल्टरचा लागतो.

आणि पत्र्यावर पाय ठेवू नका. त्यावरून थेट खाली पडून माणसं जातात. फळ्या टाकून त्यावरूनच चाला.

मलब्यात तर अजिबात नको. देवगुराडियाच्या प्लांटमध्ये मलबा क्रशरमध्ये जातो, म्हणजे तुमचं छप्पर दळलं जाईल. इंदूरच्या कचरागाडीला सहा डबे आहेत, पण पत्र्यासाठी एकही नाही. धोकादायक कचऱ्याच्या 2016 च्या नियमांत ॲस्बेस्टॉसचं नाव आहे आणि अशा कचऱ्याची जागा आपल्याजवळ म्हणजे पीथमपूर. भोपाळच्या युनियन कार्बाइडचा 337 टन कचरा तिथे जाळायला आला तेव्हा सगळं शहर जागं झालं होतं. ॲस्बेस्टॉस जळत नाही, तो बंदिस्त खड्ड्यातच पुरावा लागतो.

शेडवाला_सांवेररोड
ताई, नोंद ठेवत नाही. खरं तेच सांगतो. पण माझी अडचणही ऐका: चार हजार फुटांचं छप्पर असं गुंडाळून पीथमपूरला न्यायचं तर नव्या छपराइतका खर्च. छोटा माणूस रात्री फोडून नाल्यात टाकेल, आणि तसं होतंच. पालिकेने वॉर्डात एक दिवस ठरवून गाडी पाठवली तर मी पहिला पत्रा देईन. तोपर्यंत ग्राइंडर बंद, हे मान्य. उद्याच सांगतो पोरांना.

नारायणबाग_७
गाडीसाठी अर्ज लिहू का? इथेच मसुदा टाकते, सह्या गोळा करू. पण शाळेकडच्या पत्र्यांबाबत मी अजून ठाम आहे.

रामबागकर
लिहा. बालवर्गाच्या बाजूचे बारा पत्रे उतरवायचे, इथे तुमचं मला पटलं. बाकीच्यांबद्दल अजून पटलेलं नाही. आज शिडी लावून मी खालून एकेक पत्रा बघितला, तडकलेल्यांवर खडूने खूण केली. सात-आठ वाटले होते, निघाले अकरा. ठेकेदाराला हातोडा नको म्हणून सांगितलं, तर त्याने काम सोडलं. दुसरा कुणी ओळखीचा असेल तर कळवा. पी-3 मास्क कुठे मिळतो तेही. आणि ती सतरंजी अजून अंगणात ओल्या गोणपाटाखाली झाकून ठेवली आहे.