एनबीए २के२५, माय करिअर : राखीव पॉइंट गार्डची मिनिटे वाढत नाहीत, मदत हवी आहे

नमस्कार.

एनबीए २के२५ या बास्केटबॉलच्या व्हिडिओ गेममधील माय करिअर हा प्रकार, ज्यात आपण एकच खेळाडू घडवून त्याची कारकीर्द खेळतो, मी संगणकाला कंट्रोलर जोडून खेळतो. माझा खेळाडू पॉइंट गार्ड, म्हणजे चेंडू पुढे नेऊन चाली रचणारा खेळाडू आहे, उंची सहा फूट तीन इंच, आणि सॅन अँटोनियो स्पर्स या संघाकडून त्याचा पहिला हंगाम नुकताच सुरू झाला आहे. हा संघ मी विचारपूर्वक निवडला. व्हिक्टर वेम्बान्यामासारखा सात फुटांहून उंच आणि तरीही तीन गुणांच्या रेषेबाहेरून नेम साधणारा सेंटर सोबत असेल, तर पास देण्यावर भर असलेल्या गार्डला त्याचा भरपूर उपयोग होईल, असा माझा हिशेब होता. मात्र २०२४-२५च्या याच संघात क्रिस पॉल आहे, आणि तो असताना नवख्या गार्डला सुरुवातीच्या पाच जणांत जागा मिळणार नाही, हे उघड आहे. त्याबद्दल माझी तक्रार नाही. बाकावरून सुरुवात करून जागा कमावणे हाच मला माय करिअरमधला सर्वांत खरा भाग वाटतो, आणि म्हणूनच सामने स्वतः न खेळता गेमकडून सिम्युलेट करत हा टप्पा उरकून टाकण्याची माझी इच्छा नाही.

अडचण टीममेट ग्रेडची, म्हणजे सामन्यातील खेळावरून गेम मला देत असलेल्या श्रेणीची आहे. पाच मिनिटांच्या क्वार्टरमध्ये मला जेवढा वेळ मैदानावर मिळतो, त्यात माझे काही गुण होतात, एखाददुसरा असिस्टही (ज्यावर सहकारी गुण करतो असा पास) होतो, आणि सामन्यानंतरचा तक्ता पाहिला तर राखीव खेळाडूच्या मानाने कामगिरी वाईट म्हणता येणार नाही. तरीही ग्रेड ‘सी’च्या आसपासच घोटाळत राहते आणि पुढच्या सामन्यात मिनिटे तेवढीच मिळतात. ग्रेड कशामुळे उतरली हे त्या त्या क्षणी पडद्यावर उमटते, त्यामुळे कारणे मला दिसतात. ती टाळावीत कशी, हे मात्र उमगत नाही. तीन सूचना पुन्हा पुन्हा येतात : शॉटची निवड चुकली, नेमून दिलेला प्रतिस्पर्धी मोकळा सोडला, आणि अवेळी पास मागितला.

पहिल्या सूचनेने मी सर्वाधिक गोंधळलो आहे. माझा खेळाडू साठच्या मानांकनावरून सुरू झाला असल्याने त्याचा लांबचा नेम कच्चा आहे, हे मी जाणतो. म्हणून मी ड्रिबल करत फ्री थ्रोच्या रेषेपर्यंत जातो, तेथे थांबतो आणि मधल्या अंतरावरून शॉट घेतो. बचाव करणारा त्या वेळी हातभर अंतरावर असतो, परंतु माझ्या हालचालीमुळे तो अर्धा पाऊल मागे पडलेला असतो. असे शॉट बऱ्याचदा बास्केटमध्ये जातात आणि तरीही निवड चुकल्याची सूचना येते. शॉट यशस्वी झाल्यावरही तो चुकीचा का ठरावा, आणि मग साठच्या मानांकनाच्या गार्डने योग्य म्हणावा असा कोणता शॉट घ्यावा?

दुसरी सूचना बचावाची. मी शाळा-महाविद्यालयात प्रत्यक्ष मैदानावर बास्केटबॉल खेळलो आहे. आमच्या सर्व स्पर्धा फिबाच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या नियमांनी होत असत, आणि चेंडू पलीकडच्या बाजूला असेल तर आपला प्रतिस्पर्धी थोडा सैल सोडून बास्केटखालच्या रंगीत क्षेत्रात येऊन उभे राहायचे, हे आमच्या प्रशिक्षकांनी अंगात मुरवले होते. मी येथेही तेच करतो. परंतु मी आत सरकलो की चेंडू दोन पासांत कोपऱ्यात पोहोचतो, माझा प्रतिस्पर्धी निवांत तीन गुणांचा शॉट घेतो, आणि ग्रेड एकदम उतरते. मदतीला जायचेच नाही, असे तर या गेमला अभिप्रेत नसावे; कारण न गेल्यामुळे बास्केटखाली सोपे गुण गेले, तर तेही मला तितकेच सलते.

तिसरा प्रश्न व्हीसीच्या, म्हणजे गेममधील आभासी चलनाच्या वापराचा आहे. एकदा क्षमतांवर खर्च केलेले हे चलन परत मिळत नाही, आणि ते पैसे देऊन विकत घेण्याचा माझा विचार नाही. सामन्यांतून जे मिळेल त्यावरच खेळाडू घडवायचा आहे. अशा स्थितीत आधी तीन गुणांचा नेम वाढवावा, चेंडूसह धावण्याचा वेग वाढवावा, पासची अचूकता वाढवावी, की बाहेरच्या बाजूचा बचाव? सर्वांवर थोडे थोडे खर्च केले, तर खेळाडू कशातच उठून दिसणार नाही, अशी भीती वाटते.

सध्या मी ‘प्रो’ या काठिण्यपातळीवर खेळतो. वरच्या पातळीवर व्हीसी अधिक मिळते हे ठाऊक आहे, पण तेथे जाण्याची योग्य वेळ कशी ओळखावी, हेही कोणी सांगितले तर आभारी राहीन. ज्यांनी बाकावरून सुरुवातीच्या पाच जणांपर्यंतचा प्रवास सामने न गाळता केला आहे, त्यांच्या अनुभवाची मला विशेष अपेक्षा आहे.

प्रतिसाद :

तुमचा प्रश्न नेमका असल्यामुळे सविस्तर लिहितो. मी अनेक वर्षे या मालिकेतील गेम गार्ड म्हणूनच खेळत आलो आहे.

प्रथम ग्रेडविषयी. ग्रेड तुमचे गुण मोजत नाही, ती प्रत्येक चालीतील निर्णय मोजते. हातभर अंतरावर बचावपटू असताना घेतलेला शॉट बास्केटमध्ये गेला, तर गुणांचे श्रेय वेगळे मिळते आणि निवडीचा दोष वेगळा लागतो. हे मला गैर वाटत नाही, कारण प्रत्यक्षातही कोणताही कोच असा शॉट गेला म्हणून पुन्हा घ्यायला सांगणार नाही. तुमच्या गार्डसाठी पहिल्या हंगामातील उत्तम शॉट दोनच आहेत : कोपऱ्यातून, पास हातात येताच घेतलेला तीन गुणांचा मोकळा शॉट, आणि बास्केटखालचा लेअप, म्हणजे धावत जाऊन अगदी जवळून टाकलेला शॉट. एनबीएमध्ये तीन गुणांची रेषा समोरून ७.२४ मीटरवर आहे, पण कोपऱ्यात ती ६.७० मीटरच्या आसपास येते, म्हणजे तुम्ही ज्या फिबाच्या मैदानावर खेळलात तेथल्या ६.७५ मीटरच्या रेषेपेक्षाही किंचित जवळ. क्रिस पॉल आणि तुम्ही एकत्र मैदानावर असाल, तेव्हा चेंडू त्याच्याकडे राहू द्या, तुम्ही कोपऱ्यात जाऊन थांबा आणि पास मागूच नका. तुमचा बचावपटू आत सरकला की पास आपोआप येतो. तुमची अवेळी पास मागण्याची सूचनाही यातूनच मिटेल : तुमच्यासमोर बचावपटू उभा असताना किंवा चेंडू असलेला सहकारी बास्केटकडे निघालेला असताना बटण दाबले की गेम तो दोष धरतो.

दुसऱ्या फळीचा खेळ तुमच्या हाती असेल, तेव्हा मात्र वेम्बान्यामाला स्क्रीनसाठी, म्हणजे तुमच्या बचावपटूची वाट अंगाने अडवून उभे राहण्यासाठी बोलवा. चेंडू हातात असताना कंट्रोलरचे डावे वरचे बटण, म्हणजे डावा बंपर दाबून धरला की तो येतो. येथे बहुतेक नवे खेळाडू घाई करतात. तो येऊन दोन्ही पाय रोवून उभा राहीपर्यंत ड्रिबल सुरू ठेवून थांबायचे असते. त्यानंतर तुम्हाला बचाव वाचायचा आहे. तुमचा बचावपटू स्क्रीनमध्ये अडकला आणि त्यांचा सेंटर तुमच्यावर धावून आला, तर वेम्बान्यामा मोकळा आहे, पास त्याला. त्यांचा सेंटर मागेच थांबला, तर तुम्हाला लेअपपर्यंत वाट आहे. कोपऱ्यातला बचावपटू मदतीला आत आला, तर पास त्या कोपऱ्यात. हे पास साध्या बटणाने देऊ नका. उजवा बंपर दाबला की प्रत्येक सहकाऱ्यावर त्याचे बटण दिसते, ते दाबून थेट त्याच खेळाडूला चेंडू द्या. चेंडू गमावण्याचे प्रकार यामुळे फार कमी होतात, आणि ग्रेडला सर्वांत जड जाणारी गोष्ट तीच आहे.

आता बचाव. तुमच्या प्रशिक्षकांनी जे शिकवले ते फिबाच्या नियमांत अगदी योग्य आहे, परंतु एनबीएचा एक नियम वेगळा आहे. २००१-०२च्या हंगामात एनबीएने झोन बचावाला (खेळाडूऐवजी ठरलेल्या क्षेत्राच्या बचावाला) परवानगी दिली आणि त्याच वेळी बचावपटूंसाठी तीन सेकंदांचा नियम आणला : प्रतिस्पर्ध्याच्या जवळ राहून त्याचा बचाव करत नसाल, तर रंगीत क्षेत्रात तीन सेकंदांहून अधिक थांबता येत नाही. फिबामध्ये असा नियम नाही. म्हणून आत जाऊन उभे राहण्याची तुमची सवय येथे दोन्हीकडून महाग पडते. एक पाय रंगीत क्षेत्राच्या कडेला ठेवा, चेंडू आणि तुमचा प्रतिस्पर्धी दोघेही नजरेत राहतील असे उभे राहा, आणि चेंडू घेऊन कोणी खरोखर बास्केटकडे निघाला तरच एक पाऊल टाकून परत या. मागे वेम्बान्यामा उभा असताना पूर्ण मदतीला जाण्याची गरज गार्डला क्वचितच पडते. शॉट अडवण्याचे काम त्याच्यावर सोपवा. विरोधी शॉट हवेत गेला की चेंडूकडे धावण्याऐवजी डावा ट्रिगर (बंपरखालचे बटण) दाबून आपल्या प्रतिस्पर्ध्याला पाठीने रोखून धरा. रिबाउंड, म्हणजे हुकलेल्या शॉटचा चेंडू, दुसऱ्याने घेतला तरी त्याचे श्रेय ग्रेडमध्ये येते. हे काम कोणाच्या डोळ्यांत भरत नाही, पण माझ्या मते पहिल्या हंगामात ग्रेड ‘बी’च्या वर नेण्याचा सर्वांत भरवशाचा मार्ग हाच आहे.

व्हीसीबाबत माझे मत तुमच्या भीतीच्या उलट आहे. कोणतीही क्षमता जितकी वर जाते, तितका तिचा पुढचा टप्पा महाग होत जातो. तेवढ्याच व्हीसीत एक क्षमता तिच्या कमाल मर्यादेपर्यंत नेता येते किंवा तीन-चार क्षमता कामापुरत्या उभ्या राहतात, आणि राखीव गार्डला दुसरी गोष्ट अधिक उपयोगी पडते. माझा क्रम असा राहील : तीन गुणांचा नेम मध्यमापर्यंत, मग पासची अचूकता, मग बाहेरचा बचाव, आणि त्यानंतर वेग. कपड्यांवर पहिल्या हंगामात काहीही खर्च करू नये. डायमर हा पासचा बॅजही (बॅज म्हणजे खेळाडूला मिळणारे विशेष कौशल्य) याच क्रमाने जवळ येतो, कारण बॅज प्रत्यक्ष सामन्यातील कृतींतून वाढतात आणि मोकळ्या सहकाऱ्याला पास देण्याचे काम तुम्ही तसेही करणार आहात.

पातळी तूर्त बदलू नका. ‘प्रो’वर काही सामने सलग ‘बी प्लस’ किंवा त्याहून वर राहिलात की ‘ऑल-स्टार’कडे जा. वाढीव व्हीसीच्या मोहाने आधी गेलात, तर कच्च्या नेमाच्या खेळाडूला मोकळे शॉटही बसेनासे होतात.

धागाकर्ता :

मनःपूर्वक आभार. बचावपटूंसाठीचा तीन सेकंदांचा नियम मला ठाऊक नव्हता, आणि तो कळल्यावर गेममधील बचावाची रचना एकदम स्पष्ट झाली. कोपऱ्यात थांबण्याचा आणि डाव्या ट्रिगरचा सल्ला मी त्याच दिवशी अमलात आणला. ग्रेड आता ‘बी’ला पोहोचते आणि दुसऱ्या क्वार्टरमध्ये कोच मला आधीपेक्षा लवकर मैदानात उतरवतो.

एक शंका मात्र उरली आहे. विरोधी गार्ड माझ्यासमोर स्क्रीन वापरतो, तेव्हा माझा खेळाडू त्या सेंटरला आदळून जागच्या जागी थिजतो, आणि मी सुटेपर्यंत गुण झालेले असतात. हे केवळ क्षमता कमी असल्यामुळे होते, की यात माझ्या हातात काही आहे?

प्रतिसाद :

क्षमतेचा वाटा आहे, आणि पुढे पिक डॉजर हा बॅज मिळाला की हा त्रास कमी होईल. पण तुमच्या हातातही बरेच आहे. स्क्रीन येताना दिसताच डावा ट्रिगर सोडा, कारण तो दाबलेला असताना खेळाडू प्रतिस्पर्ध्याला चिकटून सरकतो आणि थेट स्क्रीनवर जाऊन आदळतो. टर्बो, म्हणजे वेगाने धावण्याचे बटणही सोडा. मग वाट निवडा. चेंडूवाल्याचा लांबचा नेम साधारण असेल, तर स्क्रीन करणाऱ्याच्या मागून, म्हणजे बास्केटच्या बाजूने वळसा घ्या आणि पलीकडे त्याला गाठा. तो बाहेरून शॉट घेईल तर घेऊ द्या. समोर स्टीफन करीसारखा लांबून हमखास नेम साधणारा असेल, तर ही वाट बंद समजा. तेथे स्क्रीन लागण्याआधीच करीच्या अंगाला लागून उभे राहा, त्याच्या आणि स्क्रीनच्या मधून निघा, आणि तेवढा वेळ वेम्बान्यामाला त्याच्यासमोर येऊ द्या.