मदत हवी आहे: मूकपटांतल्या मोटार शर्यती मुलांना दाखवायच्या आहेत

नमस्कार मंडळी,

आमच्या सोसायटीतल्या आठ ते बारा वर्षांच्या मुलांसाठी तासाभराचा मूकपटांचा खेळ ठेवायचा आहे. विषय एकच: मोटारींची शर्यत आणि धांदल.

सुरुवात १९१४ च्या 'किड ऑटो रेसेस अ‍ॅट व्हेनिस'ने करणार. कॅलिफोर्नियातल्या व्हेनिसमध्ये मुलांच्या गाड्यांची खरीखुरी शर्यत चालू आहे, आणि चॅप्लिन सारखा कॅमेऱ्यासमोर येऊन उभा राहतो. ढकलला की पुन्हा हजर! त्याचं 'भटक्या' (ट्रॅम्प) हे प्रसिद्ध पात्र प्रेक्षकांनी पडद्यावर पहिल्यांदा पाहिलं ते यातच. मागची गर्दी खरी आहे, आधी बुचकळ्यात पडलेली, मग हसू लागलेली. मला तर शर्यतीपेक्षा ते चेहरेच जास्त आवडतात.

दुसरा त्याच वर्षीचा 'मेबल अ‍ॅट द व्हील'. यात चॅप्लिन खलनायक आहे आणि त्या काळची विनोदी नटी मेबल नॉर्मंड स्वतः गाडी हाकते. दिग्दर्शनातही तिचा हात होता. मुलींनी हा बघायलाच हवा.

अडचण वेगाची आहे. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे, साधारण सेकंदाला १६ चौकटी (फ्रेम्स). आज २४ ने चालवलं की माणसं उगाच पळत सुटतात आणि पडण्याची गंमतच निघून जाते. लॅपटॉपवर वेग नेमका किती कमी ठेवावा? मधे मधे पडद्यावर येणाऱ्या इंग्रजी पाट्या मराठीत मोठ्याने वाचाव्यात की वर मराठी अक्षरं चिकटवावीत? तबला-पेटीची साथ कोणी करून पाहिली आहे का?

अनुभव असेल तर जरूर सांगा.